पडद्यावरील मंथरा



गतवर्षीं आमच्या स्नेहसंमेलनासाठीं रामायणांतील एक प्रवेश बसवावयाचा ठरला होता. सीतेच्या कामासाठीं आठ मुली पुढें आल्या, ऊर्मिलेसाठीं तीन आल्या, आणि कैकेयी होण्यासहि एक धीट मुलगी तयार झाली. परंतु मंथरेचें नांव निघतांच सारा वर्ग खालीं पाहूं लागला. अखेर जिचा आवाज त्या कामाला योग्य होता अशा एका मुलीला मीं विचारलें. दुसऱ्या दिवशीं ती घरून निरोप घेऊन आली. तिची आजी म्हणाली होती, "कायले घेतं वं पोरी थे काम? मंथरा म्हनजे ललिता पवार. लोकं जलमभर त्याच नावानं हाका मारतीन."

आजीबाईंचें म्हणणें हंसण्यावारी नेण्याजोगें नव्हतें. आपल्या वऱ्हाडांत, किंबहुना साऱ्या महाराष्ट्रांत, सुनेला छळणाऱ्या सासूला "अगदी ललिता पवार आहे" असें म्हणण्याचा प्रघात आहे. ज्यांनीं त्या बाईंचा एकहि चित्रपट पाहिला नाहीं तेहि असें म्हणतात. एका कलावतीचें नांव असें शिवीसारखें कां वापरलें जावें? ती स्त्री स्वभावानें तशी होती काय? कीं कोणी तिला तशी करून ठेविली? त्या मुलीस उत्तर देण्यासाठीं मीं जें वाचलें व आठवलें तें येथें मांडीत आहें.

प्रथम हें ध्यानांत घ्यावें कीं, स्त्रीनें रंगभूमीवर उभें राहावें ही गोष्टच आपल्याकडे फार जुनी नाहीं. खेड्यापाड्यांतील दंडारींत लुगडें नेसून नाचत तो पुरुषच असे. संगीत नाटकांत बालगंधर्वांनीं स्त्रीभूमिका केल्या, आणि त्यांच्या शालू-दागिन्यांची ढब घरोघरच्या स्त्रियांनीं उचलली. दादासाहेब फाळके यांनीं १९१३ सालीं 'राजा हरिश्चंद्र' काढला तेव्हां तारामतीच्या भूमिकेसाठीं त्यांना स्त्री मिळाली नाहीं. उपाहारगृहाच्या स्वयंपाकघरांत काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. हेच साळुंके पुढें १९१७ च्या 'लंकादहन' मध्यें राम आणि सीता दोन्ही झाले होते! त्याच १९१३ सालीं 'मोहिनी भस्मासुर' या मूकपटांत दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या पडद्यावर आल्या, आणि हा दरवाजा किलकिला झाला. कुलीन घरांतून मात्र या धंद्याकडे पुढेंहि बरींच वर्षें नाकें मुरडलीं जात.

अशा काळांत, १८ एप्रिल १९१६ रोजीं, नाशिक जिल्ह्यांतील येवलें येथें एका मुलीचा जन्म झाला. तिचें नांव अंबा. हें नांव अंबादेवीच्या नगरींत राहणाऱ्या अमरावतीकरांना परकें वाटूं नये. नानासाहेब सरपोतदार यांची आर्यन फिल्म कंपनी तेव्हां पुण्यांत मूकपट काढीत असे. तेथें ही मुलगी बालवयांतच काम करूं लागली, आणि थोड्याच वर्षांत 'अंबू' या नांवानें मूकपटांची नायिका झाली. त्या वेळची तिची ख्याति कसली होती? सुंदर चेहऱ्याची, चपळ आणि साहसी नायिका म्हणून! आजच्या वाचकाला हें खरें वाटणें कठीण. १९३२ सालीं 'कैलास' या मूकपटाच्या निर्मितींत तिचा भाग होता व त्यांत तिनें स्वतः तीन भूमिका केल्या. तेव्हां तिचें वय केवळ सोळा वर्षांचें होतें.

मूकपटांत नटीजवळ चेहऱ्यावांचून दुसरें साधन नसे. पडद्यावर मधून मधून अक्षरें उमटत. पण वाचतां येणारे थोडे. तंबूंत पडद्याशेजारीं पेटी-तबला वाजे आणि एखादा माणूस उभा राहून मोठ्यानें कथा समजावून सांगे. नायिका मराठी बोलते कीं हिंदी, तिचा आवाज गोड आहे कीं घोगरा, हें प्रेक्षकास ठाऊकच नसे. ज्याला जसा हवा तसा आवाज त्यानें मनांतल्या मनांत तिला द्यावा. म्हणून मूकपटांतील नटीची प्रतिमा अर्धी तिची व अर्धी प्रेक्षकाची असे.

१४ मार्च १९३१ रोजीं 'आलम आरा' हा बोलपट मुंबईंत लागला, १९३२ सालीं प्रभातचा 'अयोध्येचा राजा' मराठींत आला, आणि ही सवलत संपली. आरंभींच्या बोलपटांत नटनटींनीं स्वतःच गावयाचें असे. दुसऱ्याच्या गळ्यानें गाण्याची सोय १९३५ पासून पुढें रूढ होत गेली. मूकपटांतील अनेक नामांकित नटी या वळणावर मागें पडल्या. अंबू मात्र टिकली. ती आतां ललिता पवार झाली होती. १९३५ च्या 'हिंमत-ए-मर्दा'नें तिचें नांव बोलपटांतहि झालें. १९३७ सालीं तिनें 'दुनिया क्या है' हा बोलपट स्वतः काढला. त्याचें कथानक टॉल्स्टॉय या रशियन ग्रंथकाराच्या 'पुनरुत्थान' या कादंबरीवरून घेतलें होतें. एकवीस वर्षांच्या येवल्याच्या मुलीनें टॉल्स्टॉयची कथा पडद्यावर आणावी, ही गोष्ट 'दुष्ट सासू' एवढीच ओळख असलेल्यांनीं जरा थांबून वाचावी अशी आहे.

हे चित्रपट आपल्याकडे कसे येत, हेंहि सांगितलें पाहिजे; कारण नटीची प्रतिमा वाहून आणणारी ती वाट होती. चित्रपटाच्या व्यापारांत देशाचे भाग पाडलेले असतात. त्यांपैकीं आपल्या भागाला 'सी. पी. बेरार' म्हणतात. तो प्रांत १९५० सालीं नांवानिशीं गेला, वऱ्हाड १९५६ सालीं मुंबई राज्यांत आणि १९६० सालीं महाराष्ट्रांत आला, तरी व्यापाऱ्यांच्या वहींत जुनेंच नांव चालूं राहिलें. या भागाचे चित्रपट-वितरक अमरावतीस व भुसावळास कचेऱ्या मांडून बसत. पत्र्याच्या डब्यांतून रिळें मुंबई-नागपूर लोहमार्गानें अकोल्यास उतरत, किंवा बडनेऱ्यास उतरून फांट्यानें अमरावतीस येत. तेथील टॉकीजमधून तीं तालुक्याच्या गांवीं आणि शेवटीं जत्रेच्या तंबूंत जात. तोंवर रिळें झिजलेलीं असत. पडद्यावर पावसासारख्या रेघा पडत. सातपुड्याच्या पायथ्याशीं, चांदूर बाजार तालुक्यांत भरणारी बहिरमची जत्रा तमाशाइतकीच या तंबूंतल्या सिनेमासाठीं वाट पाहावयास लावी. मुंबईंत जुना झालेला चित्रपट तेथें नवा असे. शहरांत जी नटी प्रौढ होऊन गेली ती जत्रेंत अजून तरुणच हिंडत असे! आजच्या तुमच्या मोबाईलवर सारें एका क्षणीं सर्वत्र पोंचतें. त्या काळीं एकाच नटीच्या दोन प्रतिमा एकाच वेळीं दोन गांवीं नांदत.

आतां त्या प्रसंगाकडे वळूं, ज्यानें सारें पालटलें. १९४२ सालीं 'जंग-ए-आझादी' या चित्रपटाचें चित्रण चाललें होतें. एका प्रवेशांत सहकलाकारानें ललिताबाईंच्या थोबाडींत मारावयाची होती. त्या नटानें ती इतक्या जोरानें मारली कीं, त्यांच्या चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली. आपल्या कानाच्या खालून एक नस निघून चेहऱ्यावर पसरते. गाल हलतो तो तिच्यामुळें आणि पापणी मिटते तीहि तिच्यामुळें. या बाजूस अर्धांगवायू झाला म्हणजे हंसूं वांकडें होतें आणि डोळ्यावरचा ताबा सुटतो. दीर्घकाळ उपचार चालले. चेहरा बराचसा सुधारला, परंतु डावा डोळा अधू राहिला तो कायमचा. वय सव्वीस, नायिकेच्या भूमिका संपल्या.

ती थप्पड मारणारे नट म्हणजे भगवान पालव, ज्यांना पुढें सारे 'भगवानदादा' म्हणूं लागले. आणि भगवानदादांचा जन्म, १९१३ सालचा, आपल्या अमरावतीचा! गिरणीकामगाराचा हा मुलगा मुंबईंत वाढला, मारामारीचे चित्रपट काढून पुढें आला. त्यांनीं तें मुद्दाम केलें असें कोणीहि म्हटलेलें नाहीं. लटका मार खरा दिसावा म्हणून त्या काळीं खराच हात उगारला जाई, आणि अंदाज चुके. पण पुढें काय झालें पाहा. १९५१ सालीं भगवानदादांचा 'अलबेला' आला. त्यांच्या हळुवार डुलत्या नाचानें देश वेडा झाला, आणि लोकांच्या मनांत त्यांची मूर्ति राहिली ती हंसऱ्या, निरुपद्रवी, प्रेमळ माणसाची. ज्यानें मारलें तो लोकांना गोड वाटला. जिनें मार खाल्ला ती क्रूर ठरली. पडद्याच्या न्यायालयांत साक्षीपुरावा तपासला जात नाहीं, चेहरा तेवढा पाहिला जातो.

ललिताबाईंचा चेहराच कां नडला, हें समजण्यासाठीं नाटक आणि चित्रपट यांतील भेद पाहावा लागेल. नाटकगृहांत शेवटच्या रांगेंतील माणसाला नटीचा डोळा दिसत नाहीं. त्याला तिची चाल, हातवारे आणि आवाज एवढेंच कळतें. ललिताबाई नाटकांत असत्या तर ते व्यंग बहुधा कोणाच्या ध्यानांतहि आलें नसतें. कॅमेरा मात्र जवळ येतो. हाताच्या तळव्याएवढा चेहरा तो भिंतीएवढा करून दाखवितो. पापणीचें फडफडणें म्हणजे त्या पडद्यावर एक घटना होऊन बसते. त्यांतून दिग्दर्शकानें दिवा खालून किंवा एका बाजूनें लावला कीं अर्धा चेहरा अंधारांत जातो आणि बारीक झालेला डोळा कपटी वाटूं लागतो. तोच डोळा, दिवा समोरून मऊ लावला तर, थकल्या आईचा वाटेल. म्हणजे दुष्टपणा डोळ्यांत नसून दिव्याच्या जागेंत आहे! ज्याला शंका असेल त्यानें रात्रीं आरशापुढें बत्ती हनुवटीखालीं धरून स्वतःचा चेहरा पाहावा.

ललिताबाईंनीं घरीं बसून राहणें पत्करलें नाहीं. १९४४ च्या प्रभातच्या 'रामशास्त्री' मध्यें त्या आनंदीबाई झाल्या. इतिहासांत 'ध'चा 'मा' केल्याचा आळ जिच्यावर आहे ती स्त्री त्यांनीं अशी उभी केली कीं, पाहणाऱ्याच्या अंगावर कांटा यावा. १९५० सालीं व्ही. शांताराम यांच्या 'दहेज' मध्यें हुंड्यासाठीं सुनेचा छळ करणारी सासू झाल्या, तेव्हां त्यांचें वय अवघें चौतीस होतें. हुंड्यासारख्या दुष्ट चालीविषयीं लोकांस चीड यावी हा त्या चित्रपटाचा हेतु होता, आणि ती चीड येण्यासाठीं सासू तितकीच हुबेहूब वठावी लागते. लोकांना चीड आली खरी. पण ती चालीपेक्षां बाईवरच अधिक बसली. हुंडा कांहीं आपल्याकडून गेला नाहीं. कापसाचा भाव पडलेल्या वर्षींहि मुलीच्या लग्नासाठीं शेत गहाण टाकणारा बाप वऱ्हाडांत कोणी पाहिला नाहीं? मात्र 'ललिता पवार' ही शिवी प्रत्येकाला पाठ झाली.

असें असतां त्याच बाईंनीं १९५५ च्या 'श्री ४२०' मध्यें रस्त्याच्या कडेला केळीं विकणारी मायाळू बाई केली. १९५९ च्या 'अनाडी' मध्यें त्या मिसेस डिसा या ख्रिस्ती घरमालकीण होत्या: तोंडानें फटकळ, भाडेकऱ्याला सदा रागावणाऱ्या, आणि आंतून त्याच्यावर पोटच्या मुलासारखी माया करणाऱ्या. भेसळीच्या औषधानें त्यांचा अंत होतो तो प्रवेश पाहून ज्याचे डोळे ओले होत नाहींत तो विरळा. अधू डोळा तोच आहे, चेहरा तोच आहे. आणि तरीहि त्या चेहऱ्यावर विश्वास टाकावासा वाटतो. या भूमिकेसाठीं त्यांना सहायक अभिनेत्रीचें फिल्मफेअर पारितोषिक मिळालें. १९६१ सालचा संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारहि त्यांच्याकडे आला. पारितोषिकें देणाऱ्यांनीं मिसेस डिसांना ओळखलें, पण चावडीवर लक्षांत राहिली ती सासूच. माझ्या मतें त्यांची सर्वांत मोठी भूमिका मिसेस डिसांचीच होय. कोणाचें मत वेगळें असल्यास त्यांनीं आधीं 'अनाडी' पाहावा आणि मग मजशीं वाद घालावा.

सासूच कां राहिली, याचें थोडें उत्तर आकाशवाणींत सांपडतें. ३ ऑक्टोबर १९५७ पासून विविध भारती सुरू झाली आणि चित्रपटाचीं गाणीं घराघरांत वाजूं लागलीं. जिनींगमध्यें, पानपट्टीवर, माजघरांत, चित्रपट न पाहतांहि नायिका लोकांच्या कानांत राहूं लागली. जरी तो गळा वस्तुतः दुसऱ्याच गायिकेचा असे! परंतु सासूच्या वाट्याला गाणें कोण देतो? आकाशवाणीनें नायिकेला तिच्या चेहऱ्यापासून मोकळें केलें, ललिताबाईंना तो लाभ झाला नाहीं. गांवांतून टांग्यावर लावून फिरविल्या जाणाऱ्या रंगीत फलकांवरहि त्यांची जागा कोपऱ्यांत, भुवया चढविलेली.

येथें एक गोष्ट न्यायासाठीं सांगितली पाहिजे. प्रतिमेच्या चौकटींत केवळ दुष्ट ठरलेलेच अडकतात असें नाहीं. सुलोचनाबाई लाटकर (१९२८-२०२३) यांना पडद्यानें सोज्ज्वळ आई करून टाकलें, आणि तीहि एक चौकटच होती. लोक पायां पडूं लागले म्हणजे चौकट सोन्याची होते, इतकाच फरक.

पुढें दूरदर्शन आलें. २५ जानेवारी १९८७ पासून ३१ जुलै १९८८ पर्यंत रामानंद सागर यांची 'रामायण' मालिका दर रविवारीं सकाळीं दाखविली गेली. अमरावती-अकोल्याचे जे गृहस्थ आज पन्नाशींत आहेत त्यांना त्या सकाळी आठवत असतील. आळींत एखाददुसऱ्या घरीं संच, आणि खिडकींतून सुद्धां मुलें डोकावत. रस्ते ओस पडत. कांहीं घरीं संचापुढें उदबत्ती लागे. या मालिकेंत सत्तरी गांठलेल्या ललिताबाई मंथरा झाल्या. हें काम त्यांना नवें नव्हतें. १९६१ च्या 'संपूर्ण रामायण' चित्रपटांतहि मंथरा त्याच होत्या. पण त्या दोन मंथरांचा परिणाम वेगळा झाला. चित्रपट पाहून माणूस टॉकीजबाहेर पडतो, चहा पितो, आणि पडद्यावरची दासी पडद्यावर राहते. दूरदर्शनची मंथरा आपल्या बैठकीच्या खोलींत येऊन बसली. त्या लहान संचावर महाल, वन, सैन्य हें सारें बाहुल्यांसारखें दिसे. मोठा दिसे तो फक्त चेहरा. शिवाय कथा आठवड्याच्या अंतरानें पुढें सरके, आणि मधले सहा दिवस मंथरेविषयीं बोलण्यास मोकळे. रामाला उदबत्ती लावणाऱ्या लोकांनीं मंथरेलाहि खरीच मानली, यांत नवल तें काय?

२४ फेब्रुवारी १९९८ रोजीं पुण्यांत ललिताबाईंचें निधन झालें. मूकपटापासून दूरदर्शनपर्यंत जवळजवळ सत्तर वर्षें त्यांचें काम चाललें होतें. अशी उदाहरणें जगांत थोडींच निघतील. तरीहि मंथरा थांबली नाहीं. २०२० सालच्या टाळेबंदींत, २८ मार्चपासून, तीच मालिका दूरदर्शनवर पुन्हां लागली, आणि तुमच्यापैकीं अनेकांनीं ती आजी-आजोबांच्या शेजारीं बसून पाहिली. मग मोबाईलवर त्यांतले तुकडे फिरूं लागले: चार क्षणांचा चेहरा, एक बारीक डोळा, खालीं सासूवरचा विनोद. मूकपटाप्रमाणेंच हा तुकडा पुष्कळदां आवाजावांचून पाहिला जातो, आणि पाहणारा आपल्या पदरचे शब्द तिच्या तोंडीं घालतो. फरक एवढाच कीं, १९३० साली लोक त्या चेहऱ्याला नायिकेचे शब्द देत असत.

हें सारें मीं त्या मुलीला, थोडक्यांत, मधल्या सुट्टींत सांगितलें. तिनें घरीं जाऊन आजीला काय सांगितलें तें मला ठाऊक नाहीं. दोन दिवसांनीं आजीबाई स्वतः शाळेंत आल्या. त्यांनीं 'अनाडी' आपण लग्नाच्या नव्या दिवसांत अकोल्याच्या टॉकीजमध्यें पाहिला होता असें सांगितलें, आणि म्हणाल्या, "थे केळंवालीबी तेच व्हय काय हो सर? मले तं मालूमच नव्हतं." केळेंवाली दुसऱ्या चित्रपटांतली, हें मीं त्यांना सांगितलें नाहीं.

तालमींत मुलीनें पाठ वांकवून चालण्याचा फार सराव केला. एकदां तिनें विचारलें, "सर, डोळा बारीक करूं का?" मीं म्हणालों, "नको. तूं तुझ्या डोळ्यांनींच बघ." संमेलनाच्या रात्रीं तिनें कैकेयीच्या कानाशीं लागून पहिलें वाक्य म्हटलें आणि सारें सभागृह चिडीचूप झालें. कैकेयी झालेली मुलगी मात्र आपल्याला टाळ्या कमी पडल्या म्हणून चार दिवस माझ्याशीं बोलत नव्हती.